सीमाभागातला शेजार : तुमचे अनुभव लिहा

बेळगाव, निपाणी, खानापूरकडच्या कॉलन्यांत एकाच जिन्यावर मराठी, कन्नड, उर्दू, कोकणी घरं सर्रास असतात. सीमाप्रश्नावर भांडायला दुसऱ्या जागा आहेत. इथे जिना, नळ आणि डब्यांची देवाणघेवाण एवढंच.

वडगावची सून
नागपंचमीच्या आदल्या दिवशी आमच्याकडे रोट्टी हब्ब, म्हणजे भाकरीचा सण. भाकऱ्या आधीच थापून, कडक वाळवून दुरडीत रचलेल्या असतात. बाजरीच्या, वर तीळ. त्या दिवशी समोरच्या अक्कांकडून ताट येतं: भरलं वांगं, मटकी, कारळ्याची चटणी, दही. आमचं ताट त्यांच्याकडे. वरच्या मजल्यावरच्या भाभीही थापायला बसतात. त्यांची भाकरी सगळ्यांत पातळ, हे सासूबाईसुद्धा मान्य करतात. आणि त्या सहसा कुणाचं काही मान्य करत नाहीत.

खानापूरकर
सगळं गोडगोड नको. १ नोव्हेंबरला, म्हणजे कर्नाटक राज्योत्सवाच्या दिवशी, निषेध म्हणून आमचे बाबा दंडाला काळी फीत बांधून निघतात, समोरचे काका लाल-पिवळा झेंडा घेऊन. जिन्यात गाठ पडली की दोघंही चपला शोधायला लागतात. आठवडाभर बोलणं नसतं.

निपाणीकर
डिसेंबर २०२२. सीमाप्रश्नावरून दगडफेक झाली, दोन्हीकडच्या एस.टी. बंद. आईची कोल्हापुरात डोळ्यांची तपासणी ठरलेली. शेजारचे कन्नड मास्तर म्हणाले, "नाक्यापर्यंत मी सोडतो की ओ." त्यांची गाडी केए २३, पलीकडं न्यायची भीती. सीमेजवळच्या कोगनोळी नाक्याला मावसभाऊ एमएच ०९ घेऊन उभा. आईनं तिथं गाडी बदलली. मास्तर खिडकीत वाकून थेंब कधी घालायचे ते भावाला सांगत होते, तेही कन्नडमधून. त्याला एक अक्षर कळेना, तरी मान हलवत होता.

अनगोळ, भाड्याची खोली
बेळगाव शहराच्या काही भागांत २००८ पासून चोवीस तास पाणी आहे. आमच्या गल्लीत नाही. एक घर "नीर बंदाव री!" ओरडतं, दुसरं "पाणी आलंय गे!", आणि घागरी खडखडायला लागतात. तळमजल्यावरच्यांनी थेट नळाला मोटर लावली की वर नुसती हवा. मग भांडण. एरवी ज्याची त्याची भाषा, पण भांडताना सगळे हिंदीवर येतात. आमच्या मालकीणबाईंची हिंदी तर ऐकण्यासारखी. शेवटी मोटर काढायचं ठरलं. काढली नाही. आता ती पहाटे चारला लावतात.