शब्दचर्चा : मॉरिशसच्या ढालीला राजमुद्रा म्हणावे का?

अनुवादिका :
किशोरांसाठीच्या एका पुस्तिकेतले मॉरिशसच्या राष्ट्रीय प्रतीकांवरचे प्रकरण मी मराठीत आणते आहे. ध्वजाचा परिच्छेद सरळ उतरला : वरून खाली तांबडा, निळा, पिवळा आणि हिरवा असे सारख्या रुंदीचे चार आडवे पट्टे, तांबडा स्वातंत्र्यलढ्याचा, निळा हिंदी महासागराचा, पिवळा स्वातंत्र्याच्या नव्या प्रकाशाचा आणि हिरवा शेतीचा. अडले ते पुढे. १९०६ साली, ब्रिटिश अमदानीत, या बेटाला जे चिन्ह मिळाले, म्हणजे मधोमध चार घरांची ढाल, तिच्या एका बाजूला डोडो, दुसऱ्या बाजूला सांबर आणि दोघांपाशी एकेक ऊस, त्याला मी ‘राजमुद्रा’ म्हटले होते. अशोकस्तंभावरच्या सिंहांना आपण सर्रास राजमुद्राच म्हणतो. संपादकांनी तो शब्द खोडून ‘बोधचिन्ह’ केला. बोधचिन्ह म्हटले की मला साहित्य संमेलन किंवा क्रीडास्पर्धा आठवते. जाणकारांनी मत द्यावे.

कोशप्रेमी :
संपादकांनी राजमुद्रा खोडली हे योग्यच केले, पण बदली शब्द चुकीचा दिला. मुद्रा म्हणजे उमटवण्याची वस्तू किंवा तिचा ठसा. शिवाजी महाराजांच्या पत्रांवर आरंभी ‘प्रतिपच्चंद्रलेखेव’ने सुरू होणारी मुद्रा आणि शेवटी ‘मर्यादेयं विराजते’ ही लेखनसीमेची मुद्रा असते. दोन्हींत अक्षरे आहेत, प्राणी किंवा ढाल नाही. मुद्रेचे काम कागद अस्सल ठरवण्याचे आणि ढालीवरच्या चिन्हाचे काम ओळख मिरवण्याचे. हा भेद आपल्या भाषेत पूर्वीपासून आहे आणि तो पुसू नये. शिवाय मॉरिशस १२ मार्च १९९२ पासून प्रजासत्ताक आहे, तेव्हा ‘राज’ हे पूर्वपदही तेथे शोभत नाही. ‘राष्ट्रचिन्ह’ म्हणावे.

रूढार्थ :
शब्दाचा अर्थ वापरातून ठरतो, शिलालेखातून नव्हे. ‘राज’ प्रजासत्ताकाला शोभत नसेल तर राजपत्र, राजदूत आणि राजभाषा हे शब्दही भारतातून हद्दपार करावे लागतील. येथे ‘राज’चा अर्थ राजा असा उरलेला नाही, राज्यसंस्था असा झाला आहे. उलट ‘राष्ट्रचिन्ह’ हा शब्द इतका सैल आहे की त्यात ध्वज, फूल, पक्षी सगळेच बसते; मग या एका वस्तूला वेगळे नाव राहिलेच कुठे? मुलांना राजमुद्रा हा शब्द चौथीच्या इतिहासापासून ठाऊक असतो. तोच ठेवावा.

कोशप्रेमी :
चौथीच्या इतिहासापासून ठाऊक असतो म्हणूनच तो येथे नको. मुलांच्या डोळ्यांपुढे महाराजांची अष्टकोनी मुद्रा येईल आणि ती ढाल शोधत बसतील. ‘कुलचिन्ह’ घराण्याचे, ‘मानचिन्ह’ आता चषकाच्या अर्थाने रुळले. त्यामुळे दोन्ही बाद आहेत, हे मान्य.

पोर्टलुईकर :
मी काही वर्षे पोर्ट लुईमध्ये राहिलो आहे. रत्नागिरी आणि सावंतवाडीकडून उसाच्या मळ्यांवर गेलेल्या मराठी कुटुंबांचे वंशज तेथे आजही आहेत, पण त्यांच्या बोलण्यात या ढालीला काही वेगळे नाव असल्याचे मी ऐकले नाही. ध्वजाला मात्र ते झेंडाच म्हणतात. तेथील फ्रेंच वृत्तपत्रे त्याला ‘क्वाद्रिकोलोर’, म्हणजे चार रंगांचा, असे लिहितात. आपण तिरंगा म्हणतो त्या चालीवर एका मित्राने मराठीत ‘चौरंगा’ असे लिहिले होते. मला तो शब्द पटत नाही. मराठी माणसाला चौरंग म्हटले की सत्यनारायणाची पूजा दिसते, आणि चौरंग करणे म्हणजे हातपाय तोडण्याची जुनी शिक्षा. ‘चौरंगी ध्वज’ असे लिहिले तर बिघडत नाही.

दुसरे असे की मूळ मजकुरात ‘सांबर’ आहे म्हणून अनुवादिकाताईंनी सांबर लिहिले असणार. पण मॉरिशसच्या रानात जे हरिण आहे ते आपल्या सह्याद्रीतले सांबर नव्हे. ते जावा बेटावरचे, चणीने लहान. १६३९ साली डचांनी ते जावाहून आणले, आणि ऊसही त्यांनीच त्याच सुमारास तेथूनच आणला. म्हणजे ढालीशेजारचा प्राणी आणि त्याच्यापाशी दिसणारा ऊस हे दोघेही पाहुणे आहेत आणि मूळचा रहिवासी असलेला डोडो तेवढा नामशेष झाला. मुलांना हे सांगण्याजोगे आहे. तेव्हा ‘जावाचे हरिण’ असे लिहावे.

रूढार्थ :
चिन्हाच्या अधिकृत वर्णनात ‘सांबर’ हाच शब्द आहे, आणि तो भारतीय भाषांतूनच इंग्रजीत गेलेला आहे. आपलाच शब्द परत येत असताना त्याला दारातच का अडवायचे? त्या चित्रातला प्राणी तिरक्या रेषेने अर्धा तांबडा, अर्धा पांढरा आहे. प्राणिशास्त्राच्या पुस्तकात तसे हरिण जावातही सापडणार नाही.

अनुवादिका :
सांबराखाली तळटीप देईन. ढालीच्या मुख्य शब्दाचे काय करावे, याकडे पुन्हा लक्ष वेधते. ब्रीदवाक्याचे मराठी मी ‘हिंदी महासागराचा तारा आणि किल्ली’ असे केले आहे. ढालीच्या खालच्या दोन घरांत एक तांबडी किल्ली आणि एक पांढरा तारा आहे.

कोकणवाट :
ब्रीदवाक्य लॅटिनमध्ये आहे : ‘स्तेला क्लाविस्क्वे मारिस इंदिकी’. त्यातला ‘क्लाविस’ पोर्तुगीजमध्ये ‘शावे’ झाला आणि तोच आपल्याकडे ‘चावी’ म्हणून आला. माझ्या आजोळी, मालवणला, किल्ली कोणी म्हणतच नसे. माजघराच्या कुलपाची ती चावीच. मूळ शब्दाचा सख्खा वंशज मराठीत जिवंत असताना किल्ली कशाला? ‘हिंदी महासागराचा तारा आणि चावी’ असेच लिहावे, अशी माझी आग्रहाची विनंती आहे.

कोशप्रेमी :
व्युत्पत्ती बरोबर आहे, निष्कर्ष नाही. किल्ली हा शब्द संस्कृत ‘कील’शी नाते सांगतो आणि ब्रीदवाक्याला लागणारे वजन त्यात आहे. ‘यशाची गुरुकिल्ली’ आपण म्हणतो, गुरुचावी म्हणत नाही. समुद्रमार्गावर ज्याचा ताबा त्याच्या हाती महासागर, हा येथला अर्थ लाक्षणिक आहे, माजघराच्या कुलपाचा नाही.

कोकणवाट :
कुलूपही अरबीतून आले आहे, म्हणून आपण दारे उघडी टाकत नाही. परभाषेतून आलेला शब्द हलका आणि संस्कृताशी नाते सांगणारा भारदस्त, ही वाटणी मला मुळातच मान्य नाही. ढालीच्या पहिल्या घरात जी सोनेरी नौका आहे, तिला आपण काय म्हणाल? ‘जहाज’ अरबी, ‘नौका’ गुळगुळीत. चिन्हशास्त्रातल्या या नौकेला एक डोलकाठी आणि वल्ही असतात. आंग्र्यांच्या आरमारातले गलबत शिडावर चाले आणि वल्ह्यांवरही. वारा पडला की चाळीस-पन्नास वल्ही एकदम पाण्यात पडत. त्या नौकेला मराठीत ‘गलबत’ इतका नेमका शब्द दुसरा नाही, आणि तोही पोर्तुगीज ‘गालेओता’पासून आला असावा असे अभ्यासकांचे एक मत आहे.

पोर्टलुईकर :
गलबताला माझे अनुमोदन. राष्ट्रीय फुलाचे काय केले, तेही कळवावे. १९९२ साली निवडलेले हे फूल रानात केवळ ल मोर्न ब्राबाँ या डोंगरावर उगवते, जास्वंदीच्या कुळातले आहे, आणि स्थानिक फ्रेंच नावाचा अर्थ कानातला दागिना असा होतो. ‘कर्णफूल’ करण्याचा मोह होईल, पण कर्णफूल कानाच्या पाळीला चिकटून बसते आणि हे फूल देठाला खाली लोंबते. त्यामुळे ‘डूल’ हवे.

कोशप्रेमी :
डूल नको, ‘लोलक’ पाहावे.

कोकणवाट :
लोलक काचेचा असतो किंवा घड्याळाचा. बायका कानात डूलच घालतात.