काळ विणणारा कारागीर: खळीचं राहिलंच

तुमच्या ‘काळ विणणारा कारागीर’ या कथेतला म्हातारा विणकर मागावर दिवस विणतो, पण एका रात्रीत अख्खं वर्ष विणून काढतो, तेवढं खटकलं. बाकी माणूस मनात घर करून बसलाय. आमच्या साताऱ्याकडे, माण तालुक्यात, घोंगडी विणणाऱ्या सनगर समाजाचे लोक खड्डामागावर (खड्ड्यात पाय सोडून बसायच्या मागावर) बसण्याआधीच किती खपतात! चिंचोके भिजवायचे, वाटायचे, शिजवून खळ, म्हणजे धागे ताठ करणारी चिकी, करायची, ती कुंच्यानं ताणलेल्या लोकरीच्या धाग्यांवर चोळायची आणि उन्हात कडक वाळवायची. कच्ची राहिली की धागे एकमेकांना चिकटतात, आडवा धागा नेणारा धोटा अडतो. तुमच्या कारागिराच्या आयुष्यात हे यायलाच हवं: खळ ओली राहिली, सोमवार मंगळवाराला चिकटला आणि मधल्या रात्रीची झोप गावाला मिळालीच नाही. पुढच्या भागात त्याची बायको लोकर कातताना दाखवा. ते काम बहुतेक बायकांच्याच हातचं.