मदत हवी आहे: हेल्मेटवरील कॅमेऱ्याच्या भिंगावर साचणारे पाण्याचे थेंब

नमस्कार. महेश्वरजवळच्या सहस्रधारेत (नर्मदेच्या खळाळत्या प्रवाहात), जिथे २०२३ मध्ये खेलो इंडिया युवा स्पर्धेतील कनू स्लालम (खळाळत्या पाण्यात कयाकसारखी छोटी होडी ठरावीक फाटकांतून वल्हवण्याची शर्यत) झाले, सराव करणाऱ्या कयाकपटूंवर आम्ही इंदूरचे काही मित्र लघुपट करीत आहोत. काठावरून घेतलेली दृश्ये चांगली आली आहेत; अडचण हेल्मेटवरील कॅमेऱ्याची आहे. कयाक लाटेतून बाहेर येताच भिंगाच्या मधोमध एक टपोरा थेंब ठाण मांडतो आणि ऐन उतारावर वल्ह्याचे टोक धूसर होते.

पाणी झटकणारा लेप लावल्यास मोठे थेंब ओघळतात, पण बारीक तुषार चिकटून राहतात. भिंग चाटण्याची कयाकपटूंची जुनी युक्ती (दिसायला विचित्र खरी) पाण्याचा सलग पातळ थर धरून ठेवते, मात्र पहिल्या काही लाटांपुरतीच. भर उन्हात सेकंदाला २५ फ्रेमला १/५० सेकंदाचे शटर ठेवायचे असल्याने एनडी फिल्टर (भिंगात शिरणारा प्रकाश कमी करणारी काच) काढता येत नाही, आणि दोन्ही हात वल्ह्यावर असल्याने खेळाडूला भिंग पुसता येत नाही. नवा कॅमेरा घेण्याइतके पैसे नाहीत.

अशा सततच्या तुषारांत पाणी झटकणारा लेप योग्य की पसरवणारा, आणि एनडी फिल्टरच्या काचेवरील थराला धक्का न लावणारा, शक्यतो इंदुरातच मिळणारा असा कोणता लेप आपण स्वतः वापरला आहे?