मदत हवी आहे: १५ व्या वित्त आयोगाचे पैसे खात्यात आहेत, शाळेचं छप्पर करता येत नाही

रानजाई
लवकर उत्तर हवंय. १ मेच्या ग्रामसभेला सहाच दिवस राहिलेत. गावच्या शाळेच्या दोन वर्गांचे पत्रे सडलेत. गेल्या जुलैत पहिली-दुसरीची पोरं व्हरांड्यात बसवावी लागली, दप्तरं भिजली. ग्रामपंचायतीच्या खात्यात ११ लाख ४० हजार पडून आहेत. ग्रामसेवक म्हणतात, यातून छप्पर होणार नाही, हेडमध्ये बसत नाही. का बसत नाही, ते धड सांगत नाहीत. पैसा गावचा, शाळा गावची, मग अडतंय कुठे? नियम नक्की माहीत असेल त्यांनीच सांगा.

माणदेशी_गडी
ताई, शीर्षकात वित्त आयोग लिहिलंत, पण ११ लाख ४० हजार सगळे त्यातलेच का? त्यात बंधित (ठरवून दिलेल्या कामांनाच वापरायचे) किती, अबंधित (मोकळे) किती? शाळा जिल्हा परिषदेची की संस्थेची? जिल्हा कुठला? तुम्ही सदस्य आहात की पालक? एवढं कळल्याशिवाय काय सांगणार?

सागवेकर
आमच्या गावी शाळेची कौलं मुंबईकर मंडळींनी वर्गणी काढून बदलली. गणपतीत बैठक घेतली, दिवाळीपर्यंत काम उभं. सरकारी पैशाच्या मागे लागू नका, दोन वर्षं जातील.

रानजाई
@सागवेकर दादा, आमच्याकडे मुंबईकर मंडळ नाही. बरेच जण ऊसतोडीला बाहेर असतात, वर्गणी कुणाकडे मागू?
@माणदेशी_गडी सांगली जिल्हा, पूर्व भाग. मी सदस्य आहे, पहिलीच टर्म. शाळा झेडपीची. सगळे पैसे १५ व्या वित्त आयोगाचेच. बंधित-अबंधित वेगळं असतं हे माहीत आहे, पण आमचे किती किती ते ग्रामसेवकांना विचारून सांगते.

जुनी_खतावणी
स्थानिक निधी लेखापरीक्षणात बत्तीस वर्षं काढली, म्हणून सविस्तर लिहितो.

१५ व्या वित्त आयोगाच्या शिफारशीने २०२१-२६ या पाच वर्षांसाठी केंद्राकडून जे अनुदान आलं, त्यातलं ६० टक्के बंधित आणि ४० टक्के अबंधित. बंधितातला निम्मा भाग स्वच्छतेसाठी, म्हणजे हागणदारीमुक्ती टिकवणं, घनकचरा, सांडपाणी. उरलेला निम्मा पिण्याचं पाणी, पावसाचं पाणी साठवणं आणि पाण्याचा पुनर्वापर यासाठी. अबंधित रक्कम गावाच्या गरजेप्रमाणे घटनेच्या अकराव्या अनुसूचीतल्या २९ विषयांवर खर्च करता येते, फक्त पगार आणि आस्थापना खर्च त्यातून नाही. प्राथमिक शाळा त्या २९ विषयांत आहेत. तेव्हा छपराला अबंधित निधी चालतो. ग्रामसेवकांचं म्हणणं अर्धं बरोबर असावं: तुमचा शिल्लक पैसा बहुतेक बंधित असणार.

एक चूक मात्र दुरुस्त करतो. "पैसा गावचा" असं नाही. हा केंद्राच्या तिजोरीतला पैसा, राज्यामार्फत आलेला. घरपट्टी गोळा करता ना, तो गावचा.

सह्यकडा
काकांच्या शेवटच्या वाक्याला माझा कडक विरोध. केंद्राच्या तिजोरीत तो आला कुठून? डिझेल, साबण, खत, सगळ्यावरचा कर गावातलाच माणूस भरतो. दिल्लीने गोळा करायचा, परत देताना साठ टक्क्यांना दोरी बांधून द्यायचा आणि वर हा तुमचा नाही म्हणायचं! पंचायतींना अधिकार देणारी ७३ वी घटनादुरुस्ती २४ एप्रिल १९९३ ला लागू झाली. तीसहून जास्त वर्षांनंतरही गावाला शाळेचा पत्रा बदलायला परवानगी लागते. आणि १५ व्या आयोगात (२०२१-२६) महाराष्ट्राला विभाज्य करातला, म्हणजे केंद्र राज्यांना वाटून देतं त्या करातला, फक्त ६.३१७ टक्के वाटा. उत्तर प्रदेशला १७.९३९.

रानजाई
हे सगळं ठीक आहे, पण माझ्या पत्र्यांचं काय?

तिसरा_तास
मी अर्थशास्त्र शिकवते. सह्यकडा, दोन वेगळे पैसे एकात मिसळू नका. ६.३१७ टक्के हा केंद्रीय करांच्या ४१ टक्के वाट्यातला राज्याचा हिस्सा, त्याला कसलीही अट नसते. रानजाईंच्या खात्यातला पैसा म्हणजे स्थानिक संस्थांचं अनुदान, ते वेगळं. आणि तो हिस्सा ठरवताना ४५ टक्के भार उत्पन्नातल्या तफावतीला होता, म्हणून दरडोई उत्पन्न जास्त असलेल्या राज्याला कमी मिळतं. हे पटो न पटो, १४ व्या आयोगात आपला हिस्सा ५.५२१ टक्के होता, तो वाढलाय.

तुमची खरी तक्रार उपकर आणि अधिभाराबद्दल असायला हवी. ते विभाज्य निधीत येतच नाहीत, केंद्राकडेच राहतात.

सह्यकडा
तेही आहेच. पण मूळ मुद्दा सोडू नका. ज्याला गरज दिसते त्याच्या हातात मोकळा पैसा हवा.

जुनी_खतावणी
मोकळा पैसा दिला तेव्हा काय झालं, ते मी दप्तरात पाहिलंय. प्रवेशद्वाराच्या कमानी, चौकात हायमास्ट, आणि वस्तीवर नळ नाही. पिण्याच्या पाण्याला दोरी बांधली ती त्यामुळे.

तिसरा_तास
आणि ज्या गावात नळ आधीच झालेत, त्यांनी काय करायचं? एकच माप सगळ्या गावांना लावलं की असं होतं. राज्य वित्त आयोगाने वेळेवर अभ्यास करून गावांना हक्काचा वाटा दिला असता तर केंद्राच्या अनुदानावर इतकं अवलंबून राहावं लागलं नसतं. घटनेचं कलम २४३-आय त्यासाठीच आहे.

लिम्माटकाठ
झ्युरिकजवळच्या एका छोट्या गावात राहतो. इथे आयकराचा काही भाग गावच आकारतं. गावच्या कराचा दर डिसेंबरच्या सभेत हात वर करून ठरतो. शाळेसाठी जादा हवेत का? दर दोन टक्क्यांनी वाढवा, मत घ्या. तळ्याकाठच्या श्रीमंत गावांकडून गरीब गावांकडे समतोल निधीही जातो. आपल्याकडे असं का करत नाहीत?

माणदेशी_गडी
@लिम्माटकाठ कारण आमच्या गावात आयकर भरणारे मोजून नऊ जण आहेत. आम्हाला घरपट्टी, पाणीपट्टी, दिवाबत्ती आणि आरोग्य कर एवढेच. घरपट्टी वाढवली की पुढच्या निवडणुकीत घरी.

रानजाई ताई, आकडे मिळाले का?

रानजाई
मिळाले. बंधित ९ लाख ६५ हजार. अबंधित १ लाख ७५ हजार. त्यातलं पथदिव्यांचं थकलेलं वीजबिल १ लाख ४० हजार भरायचंय. गवंड्याने पत्रे आणि लोखंडाचा मिळून अडीच लाखांच्या आसपास खर्च सांगितलाय. जलजीवनची योजना झाली आहे, घरोघर नळ आहेत. मग पाण्याचा बंधित भाग आता मोकळा झाला असं धरायचं का?

दिवेलागण
हो, संपृक्तता झाली, म्हणजे त्या कामाची गरज पूर्ण झाली, की खर्च करता येतो. आम्ही केलाय. छप्पर घ्या खुशाल.

जुनी_खतावणी
@दिवेलागण, चुकीचं सांगू नका, ताई अडचणीत येतील. एका बंधित भागाची गरज पूर्ण झाली तर पैसा दुसऱ्या बंधित भागात वळवता येतो. पाण्याचा स्वच्छतेला, स्वच्छतेचा पाण्याला. छपराला नाही. तुमच्याकडे अजून लेखापरीक्षण झालं नसेल.

पथदिव्यांचं बिल अबंधितातून भरायची परवानगी राज्याने २०२१ मध्ये दिली, तेव्हापासून बऱ्याच ग्रामपंचायतींचा मोकळा पैसा तिकडेच जातो. सरपंचांनी तेव्हा विरोध केला होता, आणि या एका बाबतीत मी सह्यकडांच्या बाजूने आहे.

पाणीवाला_माणूस
सोपा मार्ग सांगतो. छतावरचं पाऊस संकलन बंधित निधीत बसतं. प्रस्ताव असा करा: शाळेच्या छतावर पर्जन्यजल संकलन. त्यात पन्हाळी, पाइप, टाकी आणि पाणी गोळा करायला छप्पर तर लागणारच. पत्रे त्यातच लावून टाका.

जुनी_खतावणी
पन्हाळी आणि टाकी जरूर घ्या, पूर्व भागात तर घ्याच. पण अडीच लाखांचे पत्रे त्याखाली दाखवले की आक्षेप आणि वसुली. सही सरपंचाची आणि ग्रामसेवकाची असते, अशी कल्पना देणाऱ्याची नसते.

पाणीवाला_माणूस
आमच्या तालुक्यात झालंय म्हणून सांगितलं. हेतू चांगला होता.

तिसरा_तास
रानजाई, एक विचारते. ग्रामनिधीच्या, म्हणजे स्वतःच्या उत्पन्नाच्या अंदाजपत्रकात यंदा कुठली कामं धरली आहेत? सगळी यादी द्या, किरकोळसुद्धा.

रानजाई
त्याचा इथे काय संबंध? बरं, देते. बंदिस्त गटार वॉर्ड दोन, ३ लाख १० हजार. स्मशानभूमीचं फाटक ४० हजार. बाकी कर्मचाऱ्यांचे पगार.

तिसरा_तास
हेच हवं होतं. गटार म्हणजे सांडपाणी व्यवस्थापन, ते बंधित निधीच्या स्वच्छता भागात बसतं. ते काम ग्रामनिधीतून काढून वित्त आयोगाच्या आराखड्यात घाला. ग्रामनिधीतले ३ लाख १० हजार मोकळे होतात, त्यातून छप्पर करा. दोन्ही कामं होतात, कुठेही खोटं लिहावं लागत नाही. मुलांना शिकवताना आम्ही याला पैशाची अदलाबदलक्षमता म्हणतो: अट एका नोटेवर असते, पण जे काम तुम्ही एरवी स्वतःच्या पैशाने करणार होतात त्यावर ती नोट खर्च केली की स्वतःची नोट सुटी होते.

जुनी_खतावणी
बरोबर आहे. मला हे आधी सुचायला हवं होतं. गटाराचं काम सुरू झालेलं नसेल, कार्यारंभ आदेश दिलेला नसेल, तरच. आता कागद:

ग्रामसभेत दोन वेगळे ठराव घ्या. पहिला, गावच्या विकास आराखड्यात गटाराचं काम समाविष्ट करण्याचा, म्हणजे ई-ग्रामस्वराज या सरकारी पोर्टलवर ते चढवता येईल. त्याशिवाय पैसे निघणार नाहीत. दुसरा, ग्रामनिधीच्या पुरवणी अंदाजपत्रकात शाळा दुरुस्ती धरण्याचा. स्वतःच्या उत्पन्नातून मागासवर्गीयांसाठी १५ टक्के, महिला-बालकल्याण १० टक्के, दिव्यांग ५ टक्के खर्च झालाय का, ते आधी तपासा. इमारत जिल्हा परिषदेची आहे, म्हणून गटशिक्षणाधिकाऱ्यांचं पत्र आणि बांधकाम उपविभागाच्या शाखा अभियंत्याचं अंदाजपत्रक लागेल. गवंड्याचा तोंडी आकडा चालणार नाही.

सह्यकडा
झेडपीची इमारत आहे तर झेडपीने करावी! तिच्या वाट्याचे १० टक्के कुठे गेले?

माणदेशी_गडी
आपल्याकडे १०-१०-८० वाटप आहे, झेडपी, पंचायत समिती, ग्रामपंचायत. पण २०२२ मध्ये झेडपीवर प्रशासक आला. निवडून आलेलं मंडळ नव्हतं म्हणून तिथलं अनुदान अडलं. जिल्हा नियोजनातून शाळा दुरुस्तीला पैसे असतात, पण यादी मोठी असते. ताई, तिथेही अर्ज टाकून ठेवा.

रानजाई
गटाराचा कार्यारंभ आदेश दिलेला नाही, सरपंचांना फोन करून खात्री केली. ग्रामसेवकांना हे वाचून दाखवलं, ते म्हणाले असं करता येईल, कुणी विचारलंच नव्हतं. १ मेनंतर सांगते.

रानजाई
२ मे. दोन्ही ठराव झाले. वॉर्ड दोनमधल्या लोकांनी आधी गोंधळ घातला, आमचं गटार का काढता म्हणून. काढत नाही, दुसऱ्या पैशातून करतोय, हे समजावताना घसा बसला. शाखा अभियंता मंगळवारी शाळा बघायला येणार आहेत. शाळा १५ जूनच्या सुमाराला भरते, तोवर व्हायला हवं. जिल्हा नियोजनाचा अर्जही दिला. @जुनी_खतावणी काका, दिव्यांगांचे ५ टक्के आमचे खर्च झालेले नाहीत, १८ हजार राहिलेत. ते आधी वाटले तर छपराचं बिल काढता येईल ना?

जुनी_खतावणी
आधी वाटा. यादी ग्रामपंचायतीच्या नोंदीतली घ्या, पैसे थेट खात्यात टाका. मग बिल काढा.

कासेगावची
आमची ग्रामपंचायत जाऊन नगरपंचायत झाली. गटाराची ही अदलाबदल आम्हाला चालेल का?