बॅरल स्वेटपँट: माल चुकलाय की माप?

चिपळूणची_शिलाई
परवा इथे एका दादांनी लिहिलं की हल्लीच्या बॅरल स्वेटपँटी म्हणजे शिवताना फसलेला माल. "प्रत्येक पायात एकेक पखवाज, वर दुप्पट किंमत." सगळ्यांनी हसून घेतलं. मी शिवणकामावर पोट भरते, मला काही ते गिळलं नाही.

साध्या पँटची बाहेरची शिवण कमरेपासून जवळजवळ सरळ खाली येते. यात बाहेरची आणि आतली, दोन्ही शिवणी कापतानाच बाहेरच्या बाजूला वळवतात. घेर गुडघ्याच्या आसपास सगळ्यात जास्त, घोट्याशी पुन्हा कमी. कुणी गुडघ्याला डार्ट (कापड दुमडून शिवलेली चिमटी) मारतं, कुणी पायाला वेगळा तुकडा जोडतं. कापड जास्त लागतं, वाकडी शिवण मारायला वेळही लागतो. जमिनीवर पसरून बघा. पाय आपणहून वळलेला दिसला तर कटिंग खरं. सरळ पाय आणि खाली नुसतं इलास्टिक असेल तर तो जॉगर. तो बॅरल म्हणून विकणाऱ्याला दादांनी खुशाल शिव्या घालाव्यात, मीही घालीन.

आणि बायांनो, कंबर बघून मागवू नका, आतल्या शिवणीची लांबी बघा. फोटोतली मुलगी ताडमाड. तिच्या गुडघ्यावरचा घेर आपल्या पाच फुटी बाईच्या पोटरीवर येतो. मग ती माझ्याकडे येते, "ताई, चार बोटं उडवा." अहो, खालून उडवलं की अरुंद भागच गेला! राहिला तो नुसता घोळ.

हातखंबा_नाका
तो दादा मीच. लेक्चर झालं असेल तर बोलतो. माझ्या मुलीने ऑनलाइन घेतली, दोन धुण्यांत बाजूची शिवण फिरून नडगीवर आली. हेही "कटिंग" का?

चिपळूणची_शिलाई
नाही, तो पीळ. होजिअरीचं कापड विणतानाच पीळ धरतं, ते नीट बसवून न घेता कापलं की धुतल्यावर फिरतं. टी-शर्टलाही होतं. वाकड्या कटमध्ये लवकर डोळ्यात भरतं, एवढं तुमचं मान्य.

हातखंबा_नाका
म्हणजे माल चुकलेलाच ना? तेच म्हणत होतो.

जुना_मास्तर
घेर वर आणि खाली घट्ट, हे आपल्याकडे नवं नाही. जोधपूरचे सर प्रताप सिंग १८९७ साली व्हिक्टोरिया राणीच्या हीरक महोत्सवाला पोलो संघ घेऊन विलायतेत गेले, तेव्हा तिथल्या लोकांनी त्यांच्या जोधपुरी विजारी पाहिल्या आणि उचलल्या. घोड्यावर मांडीला मोकळीक हवी म्हणून तो आकार.

हातखंबा_नाका
मास्तर, त्यांच्याकडे घोडा होता. आमच्याकडे स्कूटर आहे, तीही किकवर.

लाल_माती
स्कूटरवर तर ही पँट बरी! गुडघा दुमडला तरी ओढत नाही. गणपतीत आरत्या-भजनाला दोन तास मांडी घालून बसा, मग सांगा. माझ्या पलाझोची खालची वीतभर जांभ्याच्या चिखलाने कायमची तांबडी झाली. हिचं तोंड घोट्याच्या वर राहतं. मला तेवढं पुरे.

कुडाळकर_भाऊ
ह्या सगळा ऱ्हवांदे. पयलां सांगा, पावसात ही सुकतली कशी? माझ्या झिलान मे म्हयन्यात जाडी पँट घेतल्यान. पाऊस लागल्यापासून पडवीत लटकता हा. वास असो येता की कुत्रोय थय बसना नाय.

ठाण्याहून_गुहागर
भाऊ, मशीनच्या ड्रायरमध्ये पिळून पंख्याखाली टाका. रात्रभरात सुकते. यात काय एवढं?

कुडाळकर_भाऊ
पंखो? वारो सुटलो की लाइट जाता ती दुसऱ्या दिवशी दुपारी येता. तुमी ठाण्यात बसून आमका सुकवूक शिकवतास?

ठाण्याहून_गुहागर
माझं घर गुहागरला आहे, दर गणपतीला आणि मे महिन्यात येतो. कोकण मलाही कळतं.

लाल_माती
आषाढात या. लावणीच्या दिवसांत या. पागोळ्यांखाली दोरी बांधून दाखवा. मे महिन्यात काय, उशीसुद्धा तासाभरात सुकते.

सहासष्टवाला
आषाढात यायला रस्ता आहे का? मुंबई-गोवा महामार्ग किती वर्षं "पूर्ण होतोय"? खड्ड्यांत आपटून कंबर गेली, आणि इथे कमरेच्या मापावर चर्चा.

हातखंबा_नाका
आले! पोस्ट मोदकांवर असली तरी हे खड्ड्यातच उतरणार.

सहासष्टवाला
उतरणारच. आम्ही तिथेच राहतो.

माहेर_देवगड
आमची आजी चुलीच्या वर आडवी दांडी बांधायची. कपडे कोरडे, पण शाळेत सगळ्यांना कळायचं आज आमच्याकडे सुके बांगडे भाजले.

ठाण्याहून_गुहागर
छान. म्हणजे पंखा सुचवला की मी चाकरमानी, आणि धूर मारला की परंपरा. गावातल्या घराचं वीजबिल, घरपट्टी मी भरतो, हे कुणाला दिसत नाही.

कुडाळकर_भाऊ
बिल भरतास म्हणून पाऊस थांबता? रागवा नको. पण माझो प्रश्न थयच आसा.

चिपळूणची_शिलाई
भाऊंच्या प्रश्नात खरी मेख आहे, भांडणात कुणाचं लक्ष गेलं नाही. हा आकार कापडाच्या वजनावर उभा राहतो. साधारण ३०० जीएसएम (म्हणजे चौरस मीटर कापडाचं ग्रॅममधलं वजन) किंवा वर असेल तर गुडघ्याचा बाक टिकतो. २२०-२४० चं घेतलं तर कापड पायाला लोंबतं, बाक जातो. म्हणजे शोभतं तेच आपल्याकडे सुकत नाही. रत्नागिरी जिल्ह्यात वर्षाला ३००० मिलिमीटरच्या वर पाऊस, त्यातला बहुतेक चार महिन्यांत. हवेतच पाणी, सुकणार कुठून?

माझं मत: आत लव काढलेलं फ्लीस कोकणात घेऊच नका, थंडी असते कुठे? उलट्या बाजूला बारीक फासे दिसतात ते टेरी घ्या, त्यातही थोडं पॉलिस्टर मिसळलेलं. लवकर सुकतं. पुढेमागे गोळे येतात, येऊ देत. निव्वळ सुती जाड कापड ऑक्टोबरनंतर काढा. आणि सुती घेतलंत तर आधी धुवा, मग अंगाला लावून ठरवा. लांबीत आटलं की घेर वर सरकतो. कधीकधी बुटक्या बाईचं त्यात भलंच होतं.

लाल_माती
ताई, "बुटक्या" कुणाला म्हणता?

चिपळूणची_शिलाई
मलाच. चार फूट अकरा.

हातखंबा_नाका
एवढे नियम पाळून पँट घ्यायची तर लग्नाचा शालू घेतलेला काय वाईट? सुती नको, फ्लीस नको, पातळ नको, कापायची नाही, पावसात घालायची नाही. ताईंनीच माझी बाजू मांडली, आभार.

चिपळूणची_शिलाई
दादा, तुमची बाजू "शिवताना चुकलेला माल" ही होती. मी "बघून घ्या" म्हणतेय. आंबा घेताना देठ हुंगता ना?

हातखंबा_नाका
आंबा परत द्यावा लागत नाही. बरं, मुलीला दुसरी हवीच आहे, ऐकत नाही. आतली लांबी नेमकी कुठून कुठे मोजायची?

चिपळूणची_शिलाई
तिच्या अंगावर नको, तिला नीट बसणारी एखादी पँट पसरा. दोन पाय जुळतात त्या शिवणीपासून आतल्या बाजूने खालच्या काठापर्यंत टेप धरा. तोच आकडा साइटच्या तक्त्यात शोधा. तक्त्यात आतली लांबी दिलीच नसेल तर ती पँट सोडा. आणि आली की टॅग काढायच्या आधी घालून खाली बसायला सांगा. घेर गुडघ्याच्या खाली उतरला तर तश्शीच परत. माझ्याकडे पाठवू नका.

सहासष्टवाला
कुरिअर वेळेत पोचलं तर.