प्रतिसाद: नुसती धडपड नव्हे

वर कुणीतरी लिहिलंय की जुन्या मूक लघुपटांतला विनोद म्हणजे नुसती धडपड आणि पाठलाग. मला हे मुळीच पटत नाही. मूकपटांतला विनोदवीर बस्टर कीटन याचा १९२० सालचा ‘वन वीक’ हा लघुपट बघा. नव्या जोडप्याला सुट्या भागांचं घर भेट मिळतं, नवरीने नाकारलेला एक जळका प्रतिस्पर्धी भागांच्या खोक्यांवरचे जोडणीचे आकडे बदलतो आणि भलतंच वाकडंतिकडं घर उभं राहतं. वादळात तर ते भोवऱ्यासारखं गरगरतं! त्यासाठी खरोखरचं घर फिरत्या चकतीवर बांधलं होतं. शेवटी घर रुळांवर अडकतं, आगगाडी येते... आणि शेजारच्या रुळावरून निघून जाते. आपण हुश्श म्हणतो, तोच उलट्या बाजूने दुसरी गाडी येऊन घराचा चुराडा करते. ही वेळ साधणं मला अजूनही थक्क करतं.