शब्दचर्चा: डोहाळे की हाव?

फ्रेंच दिग्दर्शिका आलिस गी यांचा ‘मादाम आ देझाँव्ही’ (१९०६) हा गोमाँ कंपनीचा मूकपट पाहिला. जेमतेम चार मिनिटांचा. पोटुशी बाई रस्त्याने चालली आहे, मागून नवरा बाबागाडी ढकलतोय. बाई एका पोरीच्या हातची गोळी हिसकावते, कॅफेतल्या माणसाचा अ‍ॅबसिंथ या कडक दारूचा पेला रिकामा करते, मग भिकाऱ्याचा मासा, मग कुणाचा तरी पाइप! प्रत्येक वेळी कॅमेरा थेट तिच्या तृप्त चेहऱ्यावर. शेवटी ती कोबीच्या वाफ्यात पडते आणि तिथेच बाळ सापडतं. (पोरं कोबीत सापडतात, असं फ्रान्समध्ये मुलांना सांगायचे.)

नावाचं मराठी काय करावं? ‘बाईसाहेबांना डोहाळे लागलेत’ चालेल का?

— चालेल काय, धावेल! भिकाऱ्याचा मासा पळवणं म्हणजे शब्दशः भिकेचे डोहाळे.

— मला ‘हाव’ बरा वाटतो. ‘देझाँव्ही’तला ‘आँव्ही’ म्हणजे नुसती इच्छाही, आणि मत्सरही. शिवाय आपल्याकडे ‘डोहाळे कडक आहेत’ म्हटलं की खाणं नव्हे, उलट्या डोळ्यांपुढे येतात.

— ‘हाव’ नको, त्यात पोट कुठे दिसतं? ‘आँव्ही’चा आणखी एक अर्थ आहे: जन्मखूण. आईची इच्छा अपुरी राहिली की बाळाच्या अंगावर तिची खूण उमटते, ही तिथली जुनी समजूत. आपल्याकडे सुश्रुतसंहिता याहून कडक. डोहाळे अपुरे राहिले तर मूल कुबडं, लुळं, आंधळं होईल अशी भीती घालते. गर्भिणीला तिथे ‘दौहृदिनी’ म्हटलंय, म्हणजे दोन हृदयांची. आपलं ‘डोहाळे’ संस्कृत ‘दोहद’वरून आलं. अशोकाला फुलण्यासाठी सुंदरीची लाथ लागते, त्यालाही काव्यात दोहदच म्हणतात. रघुवंशातली गरोदर राणी सुदक्षिणा तर चक्क माती खाते.

— माती खाल्ली, पण कुणाची हिसकावून नाही! माझं अडतं ते इथेच. डोहाळे लागतात तिला, पुरवतात दुसरे: नवरा, सासू, माहेर. डोहाळजेवणात ती झोपाळ्यावर बसते, ताट समोर येतं. ही बाई कुणाची वाट बघत नाही, नवरा तर गाडी ढकलण्यापुरता. गंमत सगळी त्यातच आहे.

— मग ‘बाईसाहेब डोहाळे पुरवून घेतात’?

— ‘घेतात’ ठेवा. ‘पुरवून’ काढा.